हातावरचा वण आणि वहीतला आकडा

भाजण्याला मराठीत एकच एक शब्द नाही. तव्याला बोट लागले तर चटका बसतो. गरम चहा सांडला तर हात पोळतो. उकळते पाणी अंगावर आले तर माणूस भाजतो, आणि पदराने पेट घेतला तर बाई होरपळते. मागे जे राहते त्यालाही डाग, वण, चट्टा, व्रण अशी निरनिराळी नावे आहेत. ही प्रतवारी आपल्या आयाबायांनी कोणा तज्ज्ञाला न विचारता केलेली आहे. आणि तज्ज्ञांचे म्हणाल, तर सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानात भाजण्याचे चार प्रकार सांगितले आहेत: प्लुष्ट, दुर्दग्ध, सम्यग्दग्ध आणि अतिदग्ध. पहिल्यात कातडीचा रंग तेवढा पालटतो, दुसऱ्यात फोड येतात, आणि चौथ्यात मांस, शिरा, सांधे यांपर्यंत अग्नी पोहोचतो. म्हणजे नाव ठेवल्याशिवाय उपचार नाही, ही जाण आपल्याकडे जुनीच आहे.

आज मी बोलणार आहे ते अशाच एका नाव ठेवण्याविषयी. इस्पितळात रोगाला नावाबरोबर एक आकडाही देतात. त्याला आपण संकेतांक म्हणू. भाजलेला हात बरा झाला, वण राहिला, आणि तो माणूस पुन्हा दवाखान्याची पायरी चढला, तर त्याच्या कागदावर कोणता संकेतांक घालावयाचा? विषय रुक्ष वाटेल. आकड्याने कोणाची जखम भरून आली आहे काय, असेही कोणी विचारील. आकड्याने जखम भरत नाही हे खरे. पण जखम भरून आल्यावर हाताचे पुढे काय झाले, हे या आकड्यावाचून घराबाहेर कोणाच्याही ध्यानात राहत नाही.

आपल्या हिंगोली जिल्ह्यापुरतेच पाहू. १ मे १९९९ रोजी परभणीतून वेगळा झालेला हा पाच तालुक्यांचा जिल्हा. वसमतची हळद आणि हिंगोलीचा हळदीचा बाजार यांची कीर्ती राज्याबाहेर गेलेली आहे. पण हळकुंड बाजारात येते ते शिजून येते, हे खाणाऱ्याच्या लक्षात नसते. पूर्वी शेतातच मोठी काहील मांडून, वर पाला झाकून हळद उकडीत. आता बहुतेक ठिकाणी कुकर आले आहेत. मोठ्या टाकीत पाणी उकळते, तिची वाफ नळाने बाजूच्या पिंपांत जाते, आणि पिंपातली ओली हळद त्या वाफेवर शिजते. शिजलेला माल बाहेर काढावयाचा, पिंपात नवा भरावयाचा, पुन्हा झाकण लावावयाचे. हंगामात हे काम दिवसरात्र चालते. झाकण उघडताना तोंड मागे घेता येते. हात मात्र पुढेच राहतो. घरातही तेच. चुलीवरचे पाण्याचे भगुने उतरवताना, भाताची पेज ओतताना, तापलेल्या तेलात पुरी सोडताना विस्तवाजवळ आधी जातो तो हातच. म्हणून भाजलेला हात हा आपल्याकडे कोणा एकाच्या नशिबाचा भाग नसून कामाचा भाग आहे.

आता ही संकेतांकांची वही कोठून आली ते थोडक्यात सांगतो. हिंदुस्थानात इंग्रजी अमदानीत गावचा चौकीदार मृत्यूची खबर देई, आणि वार्षिक अहवालात बहुतेक मृत्यू 'ताप' या एकाच रकान्यात जाऊन पडत. हिवताप, विषमज्वर, बाळंतपणातला ताप, सारे एकाच पोत्यात. अशा पोत्यावरून औषध कोणते पाठवावयाचे? युरोपातही हीच अडचण होती. पॅरिस शहराच्या सांख्यिकी कचेरीचे प्रमुख झाक बर्तियाँ यांनी १८९३ साली शिकागो येथे भरलेल्या आंतरराष्ट्रीय सांख्यिकी संस्थेच्या बैठकीत मृत्यूच्या कारणांची एक यादी मांडली आणि ती मान्य झाली. पुढे तिच्या आवृत्त्या निघत गेल्या. १९४८ साली जागतिक आरोग्य संघटनेने सहावी आवृत्ती हाती घेतली, आणि तेव्हापासून त्या यादीत मेलेल्यांच्या कारणांबरोबर जगलेल्यांचे आजार आणि इजाही आल्या. दहाव्या आवृत्तीला १९९० साली मान्यता मिळाली. अकरावी २०१९ साली संमत होऊन १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली. तथापि आपल्याकडे ज्यांनी संकेतांक शिकून घेतले ते दहाव्या आवृत्तीवर शिकले. म्हणून मीही तिच्याच आधाराने बोलतो.

या वहीत भाजण्याच्या इजा 'टी' या अक्षराखाली येतात. खांदा आणि हात, मनगट व पंजा सोडून, यांचे भाजणे टी २२. मनगट व पंजा यांचे टी २३. पुढे टिंब देऊन एक आकडा येतो, तो खोली सांगतो: नुसती लाली, फोड, की कातडीची सगळी जाडी जळालेली. त्याशिवाय टी ३१ हा वेगळा संकेतांक, अंगाचा किती हिस्सा भाजला ते सांगणारा. मोठ्या माणसाचा एक हात खांद्यापासून बोटांपर्यंत धरला तर तो अंगाच्या सुमारे ९ टक्के भरतो, आणि ज्याचा त्याचा बोटांसह तळहात साधारण १ टक्का. हे मोजमाप जगभर चालते.

इथे थोडे थांबू या. टी ३१ मधील सर्वांत खालची पायरी १० टक्क्यांच्या आतली आहे. म्हणजे एखाद्याचा अख्खा उजवा हात भाजला तरी टक्केवारीच्या हिशोबात तो सर्वांत खालच्या पायरीवर बसतो. जीव वाचेल की नाही हे ठरविण्यासाठी ही टक्केवारी काढलेली आहे आणि त्या कामी ती योग्यच आहे. पण ज्या बाईला त्या हाताने खुरपे धरावयाचे, भाकरी थापावयाची, लेकराला कडेवर घ्यावयाचे, तिचा संसार त्या ९ टक्क्यांवर उभा असतो. ज्याचं जळतं त्यालाच कळतं म्हणतात ते उगीच नाही. तेव्हा ताज्या जखमेचा आकडा पुरेसा नाही. जखम भरल्यानंतरचा आकडाही हवा.

आणि नेमके तेथेच आपले घोडे अडते. दवाखान्यातून घरी जाताना कार्डावर लिहिले जाते, 'बरा झाला'. जखम बंद झाली, पू नाही, ताप नाही, या अर्थाने ते खरे असते. पण कातडीचे काम अजून संपलेले नसते. खोल भाजलेली जागा भरून येते ती नव्या मऊ कातडीने नव्हे, तर वणाच्या दाट धाग्यांनी. हे धागे पुढे कित्येक महिने आकसत राहतात. सांध्यावर वण असला की तो सांधा ओढला जातो. दुखते म्हणून रोगी कोपर दुमडून, हात छातीशी धरून बसतो. बसायला जे बरे वाटते, त्याच स्थितीत हात आखडतो. काखेत भाजले असेल तर दंड छातीच्या कडेला बांधल्यासारखा होतो. मनगटाच्या पाठीवर असेल तर पंजा मागे ओढला जातो. काही वण जाड, लाल, उंचवटलेले होतात आणि रात्रंदिवस खाजतात. वण निवायला वर्ष, कधी दोन वर्षेही लागतात.

म्हणून त्या वहीने बरे झालेल्या हातासाठी निरनिराळी दारे ठेवली आहेत. समजा, कळमनुरी तालुक्यातील एक बाई, हळद शिजवताना वाफेने उजवा हात भाजलेली, दीड वर्षाने दवाखान्यात आली. तिला खोकला झाला आहे आणि हात पूर्ण सरळ होतो, नुसता डाग आहे. तर भाजणे हा तिचा पूर्वेतिहास झाला. त्याला झेड ८७.८ हा संकेतांक आहे. तेथे टी २२ घातला तर वहीत एक नवीन भाजलेली बाई जन्माला येते, आणि गणती खोटी ठरते. पण समजा ती म्हणाली, "डॉक्टरसाहेब, जखम कवाच वाळली, पण हात काही सरळ होईना," आणि डॉक्टरांनी म्हटले, "मावशी, हात वर करा बघू," आणि तो खांद्याच्या वर गेलाच नाही. तर दार निराळे. आज जे आहे ते आधी लिहावयाचे, म्हणजे आकसलेला वण किंवा आखडलेला सांधा. त्याच्या सोबतीला टी ९५.२ घालावयाचा. टी ९५ म्हणजे भाजल्याचे मागे राहिलेले परिणाम, आणि टिंबापुढचा २ म्हणजे ते परिणाम हातावर आहेत. मूळ इजेला एक वर्ष किंवा अधिक लोटल्यानंतरचे जे उरते ते, अथवा डॉक्टरांनीच 'हा जुन्या भाजण्याचा परिणाम' असे म्हटलेले, या कोष्टकात जाते. तिसरे दार ताज्या जखमेचे. ती अजून भरत असेल, पट्ट्या चालू असतील, तर टी २२ आणि टी २३ आहेतच.

अमेरिकेने याच दहाव्या आवृत्तीची आपली वाढीव प्रत करून ती १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केली. तिच्यात उजवा हात की डावा, कोपर की काख, हेही आकड्यात येते, आणि शेवटच्या अक्षरावरून पहिला उपचार, पुढचे उपचार, की मागे उरलेला परिणाम, ते कळते. इतका बारकावा तेथे हवा, कारण तेथे विम्याचे पैसे या अक्षरावर सुटतात. आपल्याकडेही आता गोष्ट फार वेगळी राहिलेली नाही. २०१२ साली राज्यात राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना सुरू झाली. २०१७ पासून ती महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना म्हणून चालते. २०१८ साली केंद्राची आयुष्मान भारत योजना आली. तिच्या उपचारांच्या यादीत भाजल्यानंतर आकसलेल्या अवयवाची शस्त्रक्रिया स्वतंत्रपणे धरलेली आहे. म्हणजे कागदावर नुसते 'जुने भाजलेले' असेल तर त्या बाईला दारातच अडखळावे लागते, आणि 'भाजल्यामुळे कोपर आखडले, इतके अंश सरळ होते' असे असेल तर तिची वाट मोकळी होते. अपंगत्वाच्या दाखल्याचेही असेच. २०१६ चा दिव्यांग हक्कांचा कायदा ४० टक्क्यांपासून पुढच्या दिव्यांगतेला निरनिराळ्या सवलती देतो, आणि तेजाबी हल्ल्यात भाजलेल्यांचा उल्लेख त्यात स्पष्ट आहे. इतरांच्या बाबतीत हाताची हालचाल व जोर मोजून टक्केवारी ठरते. वण किती मोठा दिसतो, याला तेथे फारसा अर्थ नसतो.

आता या वहीचा नाजूक भाग. कशाने भाजले, हेही संकेतांकाने सांगावयाचे असते. वाफेने भाजले तर एक्स १३, इतर कढत पातळ पदार्थांनी एक्स १२, तापलेल्या तेलाने एक्स १०, रॉकेल-पेट्रोलसारख्या भडकणाऱ्या पदार्थाने एक्स ०४. पुढचा आकडा जागा सांगतो: ० म्हणजे घर, ७ म्हणजे शेत. म्हणजे हळदीच्या कुकरवर भाजलेला हात एक्स १३.७ म्हणून नोंदला गेला, तर दहा वर्षांच्या नोंदींवरून हंगामात असे किती हात भाजतात, ते कोणालाही काढता येईल. पिंपाचे झाकण कसे असावे, मजुराला हातमोजे कोणते द्यावे, हे त्यावरून ठरवता येईल. आज हा आकडा गावोगावच्या कार्डांत विखुरलेला आहे, आणि कार्डे पत्र्याच्या पेटीत, नाहीतर पावसात भिजून गेलेली.

पण कारण लिहिणे नेहमी इतके सरळ नसते. 'स्टोव्हचा भडका उडाला' हे वाक्य आपल्या राज्यात एके काळी इतक्या वेळा लिहिले गेले की त्यावर कोणाचा विश्वास राहिला नाही. भारतीय दंडसंहितेत १९८३ साली विवाहितेच्या छळाचे आणि १९८६ साली हुंडाबळीचे कलम आले, ते अशाच बातम्यांच्या पार्श्वभूमीवर. त्या वहीत अपघात, स्वतः करून घेतलेले, दुसऱ्याने केलेले आणि निश्चित न झालेले, अशा चारही गोष्टींना वेगवेगळी जागा आहे. जुन्या भाजण्यातही ती जागा कायम ठेवलेली आहे: अपघाताचा मागे राहिलेला परिणाम असेल तर वाय ८६, बाकी तिन्हींपैकी काही असेल तर वाय ८७. बाई मरणाच्या दारात असताना सासरची माणसे उशाशी उभी असतात. तीच बाई जगली, माहेरी गेली, आणि दोन वर्षांनी आखडलेल्या हाताच्या शस्त्रक्रियेसाठी आली, तर त्या वेळी ती काही निराळे सांगण्याची शक्यता असते. तेव्हा जुन्या कार्डावरचे कारण डोळे झाकून उतरवून घेणे बरोबर नाही. तिला एकटीला विचारावे, ती सांगेल ते तिच्या शब्दांत लिहावे. न्याय करणे डॉक्टरांचे काम नव्हे. पण 'निश्चित नाही' असे प्रामाणिकपणे लिहिण्याची सोय वहीत असताना 'अपघात' लिहून मोकळे होणे हेही बरे नव्हे.

जुना वण ध्यानात ठेवण्याचे आणखी एक कारण आहे. झाँ-निकोला मार्जोलँ या फ्रेंच शल्यविशारदाने १८२८ साली जुन्या वणांवर होणाऱ्या एका विचित्र व्रणाचे वर्णन केले. पुढे कळून आले की, वर्षानुवर्षे फुटत राहणाऱ्या भाजल्याच्या वणात क्वचित कातडीचा कर्करोग उद्भवतो, आणि तोही बहुधा वीस-तीस वर्षांनी. असे फार थोड्यांना होते, म्हणून घाबरण्याचे कारण नाही. परंतु जुन्या वणावर फोड येऊन काही आठवड्यांत भरत नसेल, कडा जाड होत असतील, रक्त येत असेल, तर तेथे हळद-तेल लावीत बसू नये. त्याचा तुकडा तपासून घ्यावा. त्या वेळी तीस वर्षांपूर्वीची नोंद हाती असली तर डॉक्टरांचे लक्ष लगेच त्या दिशेला जाते.

केंद्र सरकारच्या आरोग्य खात्याने आपल्या देशात दरसाल सुमारे ७० लाख माणसे भाजतात, १ लाख ४० हजार मरतात आणि २ लाख ४० हजारांना कायमचे व्यंग येते असा अंदाज दिलेला आहे. हा अंदाज आहे, गणती नव्हे. मेलेल्यांची निदान पोलिसांत, ग्रामपंचायतीत नोंद होते. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणीच्या कायद्याने त्यांना एक रकाना दिलेला आहे. पण जो जगला आणि ज्याचा हात वाकडा राहिला, तो दवाखान्याच्या वहीत योग्य जागी आला नाही, तर कोठेच येत नाही. हातच्या कांकणाला आरसा कशाला, असे आपण म्हणतो. हातावरचा वण तर कांकणाहून ठळक दिसतो. पण तो दिसतो शेजाऱ्याला. जिल्ह्यात भाजलेल्यांसाठी किती खाटा लागतील, फिजिओथेरपीला किती माणसे लागतील, हे जो ठरवितो त्याला तो दिसत नाही. त्याला दिसतो तो आकडाच.

मग तुम्ही काय करावे? संकेतांक पाठ करण्याची गरज तुम्हाला नाही. ते काम दवाखान्यातील माणसांचे. तुम्ही त्यांना माल पुरवावयाचा. भाजल्याबरोबर हात वाहत्या साध्या पाण्याखाली वीस मिनिटे धरावा; बांगड्या, अंगठी, दोरा सूज येण्याआधी काढावा; फोड फोडू नयेत; दंतमंजन, शाई, माती काही लावू नये. दवाखान्यातून निघताना कार्डावर सात गोष्टी आल्या आहेत ना, ते पाहावे: तारीख, कशाने भाजले, कोठे आणि काय करीत असताना, कोणता हात, कोणता भाग, किती खोल, आणि कातडी बसवली असल्यास ते. वाचता येत नसेल तर शाळेत जाणाऱ्या पोराला पुढे करावे. जखम भरल्यावर दवाखाना सोडू नये. पुढच्या भेटीत स्वतः सांगावे, "साहेब, कोपर सरळ करून बघा, हात कानापर्यंत जातो का बघा, मूठ वळते का बघा, आणि तसं कार्डावर लिहा." कार्ड प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून सातबाऱ्याबरोबर ठेवावे. तेही तुमचे एक खातेच आहे.

२०२४ साली हिंगोलीत शंभर जागांचे शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले. आजवर अवघड रोगी नांदेडला न्यावा लागे आणि त्याचा कागदही तिकडेच राही. आता आपल्या जिल्ह्याच्या नोंदी आपल्याच जिल्ह्यात साठत जातील. तेथे शिकणाऱ्या मुलामुलींना मी एवढेच सुचवीन की, हळदीच्या हंगामानंतर जो हात तुमच्यासमोर येईल, त्याचा वण पाहून 'बरा झाला' असे लिहिण्यापूर्वी त्या माणसाला हात वर करावयास सांगा, आणि तो किती वर गेला ते लिहा.